शोकसभेची खुर्ची

"मरता कोनालेही येते. मेलेल्यावर बोलता आलं पाह्यजे."

हे वाक्य उकंडा ढवस आयुष्यभर म्हणत आला. पानठेल्यावर म्हणायचा, लग्नाच्या पंगतीत वरण वाढून घेता घेता म्हणायचा, कापूस वेचणाऱ्या बायांजवळ शेताच्या धुऱ्यावर उभा राहून म्हणायचा. बाया पदर तोंडाला लावत आणि तो पुढे गेला की त्याच्या पावलांवर थुंकत. त्याला वाटे, आपल्या बोलण्यानं त्या भारावल्या.

पिंपळशेंडा हे आमचं गाव पांढरकवड्याहून आत, खुनी नदीला मिळणाऱ्या नाल्याच्या काठी आहे. नाल्याच्या अलीकडे घरं, पलीकडे मसनवट. मधलं पाणी इतकं अरुंद की तिकडे चितेवर लाकूड तडकलं तर इकडे चुलीपाशी ऐकू येतं. ढवसांचं घर अगदी काठावर, गावातलं शेवटचं.

उकंडाच्या आधीची त्याच्या आईची, रुपीबाईची, लेकरं जगली नव्हती. पाळणा हलायचा आणि रिकामा व्हायचा. हा जन्मला तेव्हा सुईण म्हणाली, याला मरणाच्या नजरेला पडू देऊ नको. रुपीबाईनं ओलं लेकरू सुपात घातलं आणि घरामागच्या शेणाच्या उकंड्यावर नेऊन ठेवलं. शेजारणीनं ते टाकून दिलेलं म्हणून उचललं आणि पसाभर कोंडा घेऊन तिलाच परत विकलं. टाकलेल्या वस्तूकडे मरण वळून पाहत नाही, अशी आमच्याकडची जुनी समजूत. मरणानं पाहिलं नाही. पोरगं जगलं आणि त्याचं नाव उकंडा पडलं. त्या नावात एका बाईची सगळी भीती आणि सगळी माया होती. त्याला मात्र त्यात शेणाचाच वास आला.

शेती चांगली होती. कापूस पिकायचा, तूर पिकायची, सोयाबीन आलं तसं तेही पिकू लागलं. खायला कमी नव्हतं. कमी होतं ते एवढंच, की गावात चार माणसं बसली असली आणि हा आला, तर कुणी सरकून जागा करत नसे. ‘ये रे उकंडा’ म्हणत आणि बोलत राहत. हे ‘ये रे’ त्याला कुसळासारखं टोचे.

आमच्या मुलखात माणसाला आग दिली की लोक लगेच घरी जात नाहीत. जाळ लागून चिता सावरेपर्यंत शोकसभा होते. कुणीतरी अध्यक्षाचं नाव सुचवतो, कुणीतरी ‘अनुमोदन’ म्हणतो, मग पाच-सहा जण मेलेल्याचे गुण सांगतात, शेवटी दोन मिनिटं उभं राहून शांतता पाळायची आणि पांगायचं. दुसऱ्या दिवशी पेपरात कोपऱ्यात बातमी येते. मेलेल्याचं नाव एकदा येतं, आणि शेवटी ‘अध्यक्षस्थानी अमुक होते’ हे ठळक येतं. सगळे जमिनीवर बसतात. अध्यक्षाला तेवढी खुर्ची. आमच्या पंचायतीत एक लाल प्लास्टिकची खुर्ची होती. एरवी ती दारामागं धूळ खात पडायची, पण मौत झाली की कुणीतरी ती डोक्यावर पालथी घालून नाला ओलांडायचा.

एकदा नेहमी अध्यक्ष होणारे शाळेचे मोठे गुरुजी वेळेवर आले नाहीत. चिता पेटली, ऊन चढलं, लोक चुळबुळ करू लागले. कुणीतरी कंटाळून म्हणालं, "बस बे उकंडा तूच. आटप."

तो बसला. त्या दिवशी त्यानं पहिल्यांदा गावाची टाळकी वरून पाहिली. कुणाला टक्कल पडलं आहे, कुणी तेल लावलेलं नाही, सगळं दिसलं. सभेची बातमी लिहायला मोबाईलचं दुकान चालवणारा विक्की होता, तोच आमच्या भागाचा वार्ताहर. त्यानं नाव विचारलं तेव्हा उकंडानं इकडेतिकडे पाहिलं आणि हळूच सांगितलं, "उदयराव लिही."

त्या दिवसापासून तो त्याच्या मतानं उदयराव झाला. बायको सत्यभामा, तिलाही त्यानं बजावलं. ती म्हणाली, "मी तुमाले नावानं हाक मारतोच कवा जी? मले कायले सांगता?"

मग त्यानं हा धंदाच मांडला. पांढरा सदरा आणि पायजमा खळ घालून, इस्त्री करून, डांबराच्या गोळ्यांसोबत वेगळ्या पेटीत ठेवला. घरात त्याला ‘मौतीचा ड्रेस’ म्हणत. खिशात पांढरा रुमाल, रुमालाच्या एका कोपऱ्यात डोकेदुखीचा बाम. भाषण रंगात आलं की तो कोपरा डोळ्याला लागे. कुणाचीही स्तुती त्याला जमायची. गावातला एक दारुडा बांधावरून पडून मेला, त्याला ‘निसर्गाच्या कुशीत विसावलेला कलंदर’ केलं. व्याजानं अर्धं गाव पिळून काढणाऱ्याला ‘अडल्यानडल्याचा आधारवड’ केलं, आणि समोर पिळलेले लोक माना हलवत बसले, कारण स्मशानात खरं बोलायची आमच्याकडे रीत नाही.

पण सगळ्याच मौतींना तो जात नसे. कोलामांच्या वस्तीवर, पोडावर, कुणी गेलं तर म्हणायचा, "तथी विक्की येत नाही." बौद्धवाड्यातला एक मोठा साहेब निवृत्त होऊन गावी येऊन वारला, गाड्यांची रांग लागली, तेव्हा मात्र हा ड्रेस घालून हजर. तिथं त्रिशरण-पंचशील झालं, वंदना झाली. हा उभाच. शेवटी भीमराजला, म्हणजे साहेबांच्या पुतण्याला, विचारलं, "खुर्ची कुठी ठेवली?"

भीमराजनं त्याला वरून खालपर्यंत पाहिलं. म्हणाला, "खुर्ची नाही काका. इथं सारेच सतरंजीवर बसतेत. बसा."

"मले कंबरेचा तरास हाय."

"मंग उभे राहा. मेलेल्याले काही फरक पडत नाही."

तो उभा राहिला नाही, बसलाही नाही. परत आला आणि आठवडाभर सांगत फिरला, की त्या लोकांना शिस्त नाही.

हळूहळू असं झालं की गावात कुणी आजारी पडलं आणि याची सावली अंगणात आली, तर बाया पेशंटच्या अंगावर चादर ओढत. "झोपला हाय जी, आताच डोळा लागला." चादरीखालचा माणूस डोळे घट्ट मिटून पडायचा. पोरांनी त्याचं नाव ‘यमाचा पीए’ ठेवलं. त्याच्या कानावर ते गेलं. पीए हा शब्द त्याला वाईट वाटला नाही.

रुपीबाई म्हातारी झाली होती. डोळ्यांनी दिसत नव्हतं, पण आवाज खणखणीत. घरी कुणी पाहुणा बसला असला की आतून हाक यायची, "उकंड्या, पानी दे बापू!" उदयरावांच्या चेहऱ्यावरची इस्त्री मोडायची. त्यानं तिची खाट उचलून मागच्या खोलीत टाकली, जिथं सरकी आणि फवारणीचा पंप ठेवत. खिडकी मागच्या शेणाच्या उकंड्याकडे उघडत होती. म्हातारीनं काही तक्रार केली नाही. एकदा मात्र तिनं विचारलं होतं.

"मी मेल्यावर बोलशीन काय रे माह्यावर?"

"पोरगं बोलत नसते माय. पोरानं आग द्याची असते. सुतकातला मानूस खुर्चीवर बसत नाही."

"मंग माह्यी मौत तुह्या काही कामाची नाही," म्हातारी म्हणाली आणि हसली. दात नव्हते, त्यामुळे ते हसणं लहान पोरासारखं दिसलं.

गावात किसनराव नावाचे मोठे गृहस्थ होते. एकेकाळी तालुक्यातल्या कापूस खरेदीत त्यांचा शब्द चाले. पुढारी त्यांच्या ओसरीवर चहा पिऊन गेले, त्यांच्या खांद्यावर पाय देऊन वर गेले, आणि वर गेल्यावर त्यांना बाहेरच्या बाकावर बसवू लागले. आता किसनराव अंथरुणाला खिळले होते. पण ते गेले की जिल्ह्यातले आजी-माजी सगळे येणार, माणूस मावणार नाही, भोंगे लागणार, आणि त्या सगळ्यांच्या समोर, एकट्या माणसाला, ती लाल खुर्ची मिळणार. उकंडाला झोपेत ती खुर्ची दिसू लागली. आजवर झालेल्या सगळ्या शोकसभा त्याला तालमी वाटू लागल्या. त्याला जगात दुसरं काही नको होतं.

तो रोज सकाळी किसनरावांच्या वाड्याच्या पायऱ्या चढू लागला. अंथरुणातला म्हातारा त्याला दारातच ओळखायचा.

"आला काय बे उकंड्या? पाहून घे. अजून छाती हालून राह्यली."

"असं काहून बोलता दादासाहेब? शंभर वर्सं जगा."

"शंभर जगलो त मंधात तूच मरशीन. मंग माह्यावर कोन बोलन?"

उकंडा कसनुसा हसला. म्हातारा एका डोळ्यानं त्याच्याकडे बघत राहिला. मग म्हणाला, "आयकव."

"काय जी?"

"भाषन. करून ठेवलंच असशीन. मेल्यावर मले आयकू येनार हाय काय? आत्ता आयकव."

उकंडानं खिशातला रुमाल काढला आणि ऐकवलं. किसनराव डोळे मिटून ऐकत होते. संपल्यावर म्हणाले, "दानशूर एकदाच म्हटलं."

"दोनदा म्हनतो."

"शाळेची जागा मी देली ते काहून इसरला?"

"ते जागा त सरकारनं…"

"बोलाले तुह्यं काय जाते?"

"देली जी. तुमीच देली."

"आनि रडवत नाही हे. मायची उपमा टाक. आज माह्यी माय गेली असं वाटून राह्यलं, असं म्हन. मायशिवाय लोक रडत नाहीत."

उकंडानं ते वाक्य तिथल्या तिथं घोकलं.

असे दिवस गेले. मरणाऱ्याला आपली स्तुती ऐकायची चटक लागली होती आणि दुसऱ्याला खुर्चीची. रोज भाषणात एक पुण्य वाढे, आणि रोज त्याची किंमत वसूल होई. आधी पाय चेपायला लावले. मग पिकदाणी. मग एक दिवस किसनरावांनी खाटेखाली बोट दाखवलं.

"भांडं उचल."

"गडी हाय ना जी, त्याले…"

"गड्याले खुर्ची पाह्यजे काय?"

उकंडानं भांडं उचललं. मागच्या दारानं नेऊन रिकामं केलं, राखेनं घासलं, परत आणून ठेवलं. त्याच वेळी त्याच्या घरी, सरकीच्या खोलीत, सत्यभामा म्हातारीचं भांडं उचलत होती. आईचं भांडं त्यानं कधी उचललं नाही. त्यातून काही मिळणार नव्हतं.

किसनरावांचा मुलगा बंटी पन्नाशीचा होता, पण गाव त्याला बंटीभाऊच म्हणे. त्याला राजकारणात जायचं होतं आणि बापाच्या चितेपाशी मोठा पुढारी खुर्चीत बसवायचा होता. तो चिडला. "बाबा, हा मानूस अध्यक्ष? लोक हासतीन."

"हासू दे," किसनराव म्हणाले. उकंडा दाराशी उभा होता, हे त्यांना माहीत होतं. "साऱ्यायनं मले जनमभर बाकावर बसवलं. मी मेल्यावर सारे सतरंजीवर बसतीन, आनि वर कोन? त शेनातला उकंड्या. त्याच्या पायाशी बसतीन बे ते! जो त्याले उठवन त्याले माह्या जिवाची आन हाय."

उकंडानं हे ऐकलं. अपमान त्याच्या कानावरून वाऱ्यासारखा गेला. ‘वर कोण’ एवढंच त्यानं धरून ठेवलं.

मार्गशीर्षात, कापसाची दुसरी वेचणी चालू असताना, किसनराव पहाटे गेले. पुढारी लांबून यायचे म्हणून अंत्यविधी चार वाजता ठरला. पांढरकवड्याहून भोंगे आले. उकंडानं दाढी केली, दोनदा केली. पेटी उघडली, मौतीचा ड्रेस चढवला, रुमालाला बाम लावला. आरशापुढं उभा राहून तो शेवटचं वाक्य म्हणून पाहत होता, तेव्हा मागच्या खोलीतून सत्यभामा आली. तिच्या हातात चहाची कपबशी होती, भरलेली.

"माय गेली," ती म्हणाली.

त्याला कळलंच नाही. "कुठी?"

"कुठी जाईन जी? गेली. आंग थंडं पडलं हाय."

तो दारापर्यंत गेला. उंबऱ्याच्या आत पाय टाकला नाही. म्हातारी कुशीवर होती, तोंड खिडकीकडे, मूठ गालाखाली. सरकीवर उन्हाचा एक पट्टा पडला होता. उकंडा बराच वेळ बघत राहिला. आपल्याला वाटेल, आता तो खाली बसेल. त्यानं भिंतीवरच्या घड्याळाकडे पाहिलं.

"कोनाले सांगू नको," तो म्हणाला.

"काय?"

"सुतक लागते. मी सांगितलं का मले खुर्चीले शिवू देनार नाहीत. चार वाजताची त गोष्ट हाय. दोन-चार घंट्यानं मायले काय फरक पडते? कोनी इचारलं त झोपली म्हन."

सत्यभामानं कपबशी खाली ठेवली. "पायाले तरी हात लावा."

"शिवलो त आंघोळ कराव लागन. ड्रेस घातला हाय मी."

"तोंडात पानी?"

"आल्यावर टाकतो."

"आनि मी काय करू तंवर?"

"तूर सोल. नाही त काही कर."

"रडू नको?"

तो चपला घालत होता. मान वर न करता म्हणाला, "सभा होऊ दे. माईक बंद झाला का मंग रड. पोटभर रड, कोन नाही म्हनते? पन माईक बंद होएपर्यंत घरातून आवाज नको."

त्यानं बाहेरून खोलीची कडी लावली आणि पायजम्याला चिखल लागू नये म्हणून तो दगडादगडावरून नाला ओलांडून गेला.

अशी मौत आमच्या गावानं कधी पाहिली नव्हती. गाड्या पार रस्त्यापर्यंत उभ्या होत्या. बंटीनं चंदनाची लाकडं आणली होती. उकंडानंही चितेवर लाकूड ठेवलं, ज्या हातांनी ठेवायला नको होतं त्या हातांनी. आग दिली. बंटीनं दात-ओठ खात पण बापाची आण पाळत नाव सुचवलं. अनुमोदन आलं. पिंपळाखाली लाल खुर्ची होती, तिच्यावर कुणीतरी पांढरा टॉवेलही टाकला होता. उकंडा बसला. समोर सतरंजीवर पांढऱ्या कपड्यांची मोठमोठी माणसं मांडी घालून बसली होती. त्यांची टाळकी त्याला वरून दिसत होती.

पुढारी बोलले. सगळ्यात शेवटी अध्यक्ष उठले. आणि खरं सांगायचं तर त्या दिवशी उकंडा फार सुंदर बोलला. किसनरावांच्या वाड्यात महिनोन्‌महिने घोटलेलं भाषण, कुठं अडखळ नाही, कुठं घाई नाही. दानशूर दोनदा आलं. शाळेची जागा आली. भोंग्यातून आवाज नाल्यावरून, कापसावरून, गावाच्या कौलांवरून गेला. वेचणीच्या बायांनी ओटीतला कापूस धरून तो ऐकला. आणि ढवसांच्या अंगणात, कडी लावलेल्या दाराला पाठ लावून, मांडीवर तुरीच्या शेंगा घेऊन बसलेल्या सत्यभामानंही शब्दन्‌शब्द ऐकला.

"मित्रहो," उकंडा म्हणाला आणि रुमालाचा कोपरा डोळ्याला लावला, "आज मी पोरका झालो. आज माझी आईच गेली, असं मला वाटत आहे."

सतरंजीवर माणसं रडली. एक माजी पुढारी तर हुंदका देऊन रडला. किसनरावांचा अंदाज बरोबर होता.

"आता आपण सर्वांनी उभं राहून, दोन मिनिटं शांतता पाळून, दादासाहेबांना श्रद्धांजली वाहू."

माईकवाल्यानं शिस्तीत बटण दाबलं. भोंग्याची घरघर थांबली. सगळे उठले, माना खाली गेल्या. चितेचा जाळ तेवढा फडफडत होता. नाल्याचं पाणी ऐकू येत होतं.

अंगणात बसलेल्या सत्यभामाला एवढंच समजलं, की माईक बंद झाला.

तिनं शेंगा बाजूला ठेवल्या, कडी काढली, दार उघडलं आणि गळा मोकळा सोडला.

"अवो माय माह्ये… रुपीबाई व… कुठी गेल्या व टाकून आमाले…"

दुपारभर दाबून ठेवलेलं रडणं होतं ते. नाला ओलांडून सरळ आलं आणि त्या शांततेत येऊन पडलं. खाली गेलेल्या माना एकेक वर झाल्या. लोक गावाकडे पाहू लागले. आवाज कुठल्या घरातून येतो, कोण रडतं, कोणाच्या नावानं रडतं, हे खेड्यात सांगावं लागत नाही. सगळ्यांची नजर फिरून अध्यक्षांवर आली.

सगळ्यांनी मान वर केली होती. त्यानं एकट्यानं केली नव्हती. तो तसाच, हात जोडून, डोळे मिटून उभा होता. कुजबुज वाढली तेव्हा त्यानं डोळे न उघडताच सवयीनं सांगितलं, "शांतता राखा. दोन मिनिटं व्हायची आहेत."

डोमाजी म्हणून त्याचा शेजारी होता, त्याच शेजारणीचा मुलगा जिनं पसाभर कोंड्याला त्याला विकलं होतं. तो पुढं आला.

"उकंड्या, तुही माय गेली ना बे?"

"आत्ताच गेली असन," उकंडा म्हणाला. "मले काय माहीत? मी त इथी हाव."

तेवढ्यात पलीकडच्या काठावर डोमाजीची बायको इंदूबाई धावत आली. आमच्याकडे बाया मसनात येत नाहीत. ती पाण्याच्या कडेलाच थांबली आणि तिथून ओरडली, "अवो, म्हातारी लाकडावानी झाली! दुपारीच गेली म्हंते सत्यभामा. सांगू नको म्हनलं म्हंते यानं! माईक बंद झाल्यावर रड म्हनलं म्हंते!"

ओरडणं सतरंजीच्या शेवटच्या माणसापर्यंत पोचलं. ज्या माजी पुढाऱ्यानं हुंदका दिला होता, त्यानं हळूच डोळे पुसले आणि रुमाल खिशात घातला. बंटी पुढं आला. त्यानं खुर्चीवरचा टॉवेल उचलला, चितेवर फेकला आणि खुर्ची पायानं मागं सरकवली. त्याला उठवायचं नाही, ही बापाची आण मोडायची नव्हती. उठलेला माणूस परत बसू नये, एवढी काळजी त्यानं घेतली.

विक्की वहीत पेन धरून उभा होता. "मंग अध्यक्ष कोन लिहू भाऊ?"

"कोनीच नाही," बंटी म्हणाला. "अध्यक्षाचं सोडून दे."

दुसऱ्या दिवशी पेपरात किसनरावांची बातमी आली, चांगली मोठी, फोटोसह. अध्यक्षाची ओळ नव्हती.

त्याच सकाळी रुपीबाईला नेलं. किसनरावांची राख अजून ऊन होती, तिच्यापासून थोड्या अंतरावर तिची साधी बाभळीची चिता रचली. गाव आलं होतं. उकंडासाठी कुणी आलं नव्हतं. उघड्या अंगानं, ओल्या धोतरानं, खांद्यावर गळकं मडकं घेऊन त्यानं फेरे घातले, मडकं फोडलं, आग दिली. सवयीनं कुणीतरी पंचायतीची लाल खुर्ची आणली होती. ती पिंपळाखाली ठेवली गेली. पण अध्यक्षाचं नाव कुणी सुचवलं नाही आणि अनुमोदन कुणी दिलं नाही.

जाळ सावरल्यावर डोमाजी उभ्यानंच बोलला. त्याला भाषण येत नव्हतं.

"रुपीबाईनं पोरगं वाचवाले उकंड्यावर टाकलं होतं," तो म्हणाला. "ते वाचलं." मग तो म्हणाला, "चला, उभे राहा."

लोक उभे राहिले. शांतता झाली. त्या दिवशी ती भंगायला गावात कुणी उरलं नव्हतं.

आग देणाऱ्यानं आधी निघायचं आणि मागं वळून पाहायचं नाही, ही रीत आहे. उकंडा निघाला. नाल्याच्या उतारापर्यंत नीट गेला. आम्ही सगळे त्याच्या ओल्या पाठीकडे पाहत होतो. पलीकडच्या काठावर, पळसाखाली, बायांच्या घोळक्यात सत्यभामा उभी होती आणि तिला त्याचं तोंड दिसत होतं. पाण्यात पाय टाकायच्या आधी तो थांबला. त्यानं मान वळवली. नजर जळणाऱ्या चितेवरून सरकत सरकत पिंपळाखाली गेली. खुर्चीवर कुणी बसलं का, एवढंच त्याला पाहायचं होतं. कुणी बसलं नव्हतं. मान पुन्हा पुढं करताना त्याचा चेहरा सैल झाला, जवळजवळ समाधानी झाला, आणि तो पाण्यात उतरून घराकडे चालू लागला.

सत्यभामानं ते पाहिलं. तिनं पदर खोचला आणि उकंडा पाणी ओलांडून तिच्या काठाला लागायच्या आत पाठ फिरवली.